धोबीतलाव ते हातखंबा

मुंबई-गोवा महामार्ग रत्नागिरी शहरात शिरत नाही. तो हातखंब्यावरून सरळ पालीकडे, लांज्याकडे निघून जातो. ज्याला रत्नागिरी गाठायची आहे त्याने हातखंब्याला उजवीकडे वळायचं. ऐंशीच्या दशकात डिसेंबर लागला की मुंबईतले गोवेकर वादक नाताळच्या आणि नव्या वर्षाच्या नाचांसाठी याच रस्त्याने गावी जायचे. मुंबईला मंच होते, बॅण्ड होते, वाद्यांची दुकानं होती. गोव्यात तर घरटी गिटार. मधल्या रत्नागिरीच्या वाट्याला आल्या त्या फक्त कॅसेटी.

तरीही इंग्रजी रॉकची ती दोन दशकं मला रत्नागिरीकडूनच बघावीशी वाटतात. मुंबईच्या इंग्रजी वर्तमानपत्रांनी त्यांचा जो इतिहास लिहिला, त्यात हे संगीत म्हणजे दक्षिण मुंबईतल्या चार कॉलेजांचं घरगुती प्रकरण वाटतं. वस्तुस्थिती जरा वेगळी होती. त्याचा मंच महाराष्ट्र सरकारचा होता. त्याच्या सुरुवातीच्या मोठ्या गायकांपैकी एक मराठी नाटकवाल्यांच्या घरातला होता. आणि ऐकणारे पार कोकणापर्यंत पसरले होते. मराठी काय नव्हतं, तर ते गाणं.

मंचापासून सुरुवात करू. धोबीतलावला, सेंट झेवियर्स कॉलेजला लागून रंगभवन आहे. नाटक, संगीत, लोककला अशा कार्यक्रमांसाठी राज्य सरकारने बांधलेलं खुलं नाट्यगृह. रंगमंचावर छप्पर, प्रेक्षकांच्या डोक्यावर आभाळ. 1978 साली निरंजन झवेरींच्या ‘जॅझ यात्रा’ या महोत्सवाने इथे मुक्काम केला आणि सॅक्सोफोनवादक सॉनी रोलिन्ससारखा माणूस या मंचावर उभा राहिला. मग 26 मार्च 1980 रोजी ‘द पोलिस’ आले. स्टिंग, अ‍ॅण्डी समर्स आणि स्ट्युअर्ट कोपलॅण्ड या तिघांची आदल्याच वर्षी ब्रिटनमध्ये दोन गाणी पहिल्या क्रमांकावर पोचली होती. इतक्या ऐन भरातला रॉक बॅण्ड तोवर मुंबईत कधी वाजला नव्हता. कार्यक्रम कोणी घडवून आणला? टाइम अ‍ॅण्ड टॅलेंट्स क्लब या बायकांच्या धर्मादाय संस्थेने. त्या काळी परदेशी कलावंताला इथे पैसे देऊन बोलावणं म्हणजे परकीय चलनाच्या परवानग्यांची दगदग. व्यावसायिक आयोजक त्या भानगडीत पडायला तयार नसत. रॉकसारख्या बंडखोर म्हणवणाऱ्या संगीताची मुंबईतली ही मोठी रात्र धर्मादाय निधीसाठी साजरी झाली, ही गंमत मला फार आवडते.

त्याआधीही इकडेतिकडे बरंच घडलं होतं. जॉर्ज हॅरिसन 1968च्या जानेवारीत फोर्टातल्या एचएमव्हीच्या स्टुडिओत भारतीय वादकांना घेऊन ध्वनिमुद्रण करून गेला. 1972 साली लेड झेपलिनचे जिमी पेज आणि रॉबर्ट प्लॅण्ट येऊन मुंबईच्या वादकांबरोबर आपली दोन गाणी वाजवून गेले. ही मंडळी मुंबईत आली ती सतार-सारंगी-तबल्यासाठी. इथल्या पोरांनी गिटार हातात घेतली आहे, याच्याशी त्यांना फारसं कर्तव्य नव्हतं.

त्या पोरांमध्ये एक नंदू भेंडे. वडील आत्माराम भेंडे, बबन प्रभूंच्या ‘झोपी गेलेला जागा झाला’सारख्या फार्सांनी महाराष्ट्राला हसवणारे. आई डॉ. आशा भेंडे, अभिनेत्री आणि लोकसंख्याशास्त्राच्या अभ्यासक. अशा घरातला मुलगा इंग्रजी रॉक गाऊ लागला आणि 1974 साली अ‍ॅलेक पदमसींनी ‘जीझस ख्राइस्ट सुपरस्टार’ मंचावर आणलं तेव्हा त्यात ज्युडास झाला. चार वर्षांनी पुण्याच्या थिएटर अ‍ॅकॅडमीने ‘तीन पैशाचा तमाशा’ केला. ब्रेख्तच्या नाटकाचं पु. ल. देशपांड्यांनी केलेलं रूपांतर, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं. त्यात नाट्यसंगीत होतं, लावणीची चाल होती, आणि नंदू भेंडेंचा अंकुश पाश्चात्त्य ढंगाने मराठी गात होता. ज्या गळ्यातून ज्युडासचा आक्रोश निघाला, त्याच गळ्यातून पुलंचे शब्द.

माझं स्पष्ट मत असं की मराठी रॉकची दारं त्या नाटकाने 1978 सालीच किलकिली केली होती आणि आत कोणी गेलं नाही. नाटकवाल्यांनी तो एका प्रयोगाचा भाग मानला. बॅण्डवाल्यांना मराठी म्हणजे आईची भाषा वाटे, आणि रॉक करायचं ते आईला कळू नये म्हणून. पुढे नंदू भेंडे जाहिरातींच्या, दूरचित्रवाणी मालिकांच्या संगीताकडे वळले. 2014 साली ते गेले, तेव्हा मृत्युलेखांमधून बऱ्याच मराठी वाचकांना हा माणूस केवढा रॉक गायक होता ते पहिल्यांदा समजलं.

ऐंशीच्या दशकाकडे येताना एका गोष्टीची आठवण ठेवायला हवी. 18 जानेवारी 1982 रोजी मुंबईच्या कापड गिरण्यांचा संप सुरू झाला आणि सुमारे अडीच लाख कामगार घरी बसले. त्यातल्या कितीतरी जणांचं गाव रत्नागिरी जिल्ह्यात होतं. गिरणगावातल्या खोल्या रिकाम्या होऊ लागल्या, माणसं गावी परतली, मनीऑर्डरी आटल्या. परळच्या दामोदर नाट्यगृहात याच कोकणी माणसांचे शक्ती-तुऱ्याचे सामने रात्र रात्र रंगत. सवाल-जवाब, ढोलकी, झांजा, पायाखालची जमीन हलवणारा ठेका. तिथून धोबीतलाव काही कोस दूर नाही. पण दामोदरचा प्रेक्षक रंगभवनात गेला नाही आणि रंगभवनाचा दामोदरला आला नाही. मोठ्या आवाजाचं, सामूहिक, अंगात येणारं संगीत दोन्हीकडे होतं, तरी त्यांची गाठ पडली नाही. कारण सरळ आहे: तिकिटाआधी भाषा आडवी येई.

1986 साली ‘मिराज’ बॅण्डच्या फरहाद वाडियाने रंगभवनात ‘इंडिपेण्डन्स रॉक’ भरवायला सुरुवात केली. पुढे सगळे त्याला आय-रॉक म्हणू लागले. स्वातंत्र्यदिनाचा मुहूर्त, म्हणजे ऑगस्ट, आणि वर उघडं आभाळ. मुंबईच्या पावसाळ्यात खुल्या नाट्यगृहात विजेवर चालणारी वाद्यं वाजवायची, हे धाडस म्हणा नाहीतर अविचार. प्रेक्षक भिजत उभे राहत आणि तेच त्यांना हवं असे. गर्दी कडक होती. आवडलेल्या बॅण्डला डोक्यावर घेणार, नावडत्याला ओरडून उतरवणार. आणि त्या गर्दीची एक हट्टी मागणी होती: आम्हाला ठाऊक असलेलंच गाणं वाजवा. डीप पर्पल वाजवा, आयर्न मेडन वाजवा. स्वतःचं गाणं सुरू केलं की आरडाओरडा ठरलेला.

यात गर्दीचा दोष मी फार धरत नाही. खरे बॅण्ड इथे येत नव्हते, तेव्हा त्यांची हुबेहूब नक्कल करणारा बॅण्ड हाच खऱ्याच्या सगळ्यात जवळ जाणारा अनुभव होता. अ‍ॅम्नेस्टी इंटरनॅशनलच्या जगभरच्या दौऱ्यात ब्रूस स्प्रिंगस्टीन, स्टिंग, पीटर गेब्रिएल, ट्रेसी चॅपमन ही मंडळी 30 सप्टेंबर 1988 रोजी दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू स्टेडियममध्ये गाऊन गेली. अशी संधी दशकात एखादीच. नक्कल करणंही सोपं नव्हतं. स्वरलिपी मिळत नसे. कॅसेट पुन्हा पुन्हा मागे नेऊन एकेक सूर उचलायचा. परदेशी गिटारवर जबर आयात शुल्क, त्यामुळे बरेच जण कलकत्त्याच्या गिवसन गिटारवर हात बसवत. तारा कोणी परदेशातून येणारा असेल त्याला सांगून मागवायच्या, नाहीतर रंगभवनाजवळ जेर महालात फुर्तादोच्या दुकानात चौकशी करायची. रॉकच्या गिटारीचा तो खरखरीत, दात-ओठ खाणारा आवाज कुठून येतो, हे कोडं बऱ्याच उशिरा सुटे. अ‍ॅम्प्लिफायरला त्याच्या कुवतीबाहेर ताण दिला की आवाज फाटतो. आपल्याकडे गणपतीच्या मंडपात तसा आवाज आला की स्पीकरवाल्याला बोलणी बसतात. रॉकवाले तेच फाटणं मुद्दाम घडवून आणतात, त्यासाठी पायाशी वेगळी पेटी ठेवतात.

या नक्कलखोरीतून बाहेर पडायची जिद्द ‘रॉक मशीन’ने दाखवली. 1984 साली मुंबईत सुरू झालेला बॅण्ड. महेश तिनईकर आणि जयेश गांधी गिटारवर, मार्क सेल्विन बेसवर, झुबिन बालापोरिया कीबोर्डवर, गायक उदय बेनेगल. नावांवरून नजर फिरवली तर मुंबईची जनगणनाच वाचल्यासारखं वाटतं. 1988 साली सीबीएस कंपनीने त्यांची ‘रॉक अ‍ॅण्ड रोल रेनेगेड’ ही कॅसेट काढली, सगळी गाणी स्वतःची. 1990मध्ये दुसरी, ‘द सेकण्ड कमिंग’. भारतात इंग्रजी गाणी स्वतः रचून बॅण्ड उभा राहू शकतो, हे त्यांनी गावोगावच्या कॉलेजांत वाजवून सिद्ध केलं. 1993 साली त्यांनी नाव बदलून ‘इंडस क्रीड’ केलं, आणि त्याच वर्षी ‘प्रिटी चाइल्ड’ या गाण्याच्या चित्रफितीला एमटीव्हीच्या पुरस्कारांत आशियातल्या प्रेक्षकांची पसंती मिळाली. महत्त्वाचं यश होतं ते. पण आज त्या सुरुवातीच्या कॅसेटी ऐकल्या की जाणवतं, गाणी त्यांची असली तरी त्यातले रस्ते, रात्री, मुली सगळं अमेरिकेतल्या कुठल्याशा गावातलं आहे. धोबीतलावचा पाऊस त्यांत सापडत नाही.

आणि इथे हातखंब्याच्या दक्षिणेला बघावं लागतं. रेमो फर्नांडिस मुंबईच्या जे. जे.मध्ये वास्तुकला शिकून गोव्यात शिवोलीला परतला. 1984 साली त्याने घरातच, चार ट्रॅकच्या यंत्रावर, बहुतेक सगळी वाद्यं स्वतः वाजवून ‘गोअन क्रेझी’ मुद्रित केली. कॅसेट कंपन्यांनी दाद दिली नव्हती, तेव्हा स्कूटरवर कॅसेटी लादून तो स्वतःच दुकानादुकानांत पोचवायला निघाला. 1986च्या ‘पॅक दॅट स्मॅक’मध्ये तो गर्दच्या व्यसनावर गायला. त्याचं इंग्रजी गोव्याच्या तोंडातलं होतं, विषय गावातले होते: राजकारणी, पर्यटक, मासे, वाडे. शिवाय तो कोकणीतही तितक्याच सहजपणे गाई. मुंबईच्या सगळ्या बॅण्डांपेक्षा या एकट्या माणसाच्या कॅसेटी टिकल्या, असं मला वाटतं.

रत्नागिरीत हे सगळं कसं पोचे? मुख्य वाटा दोन. एक म्हणजे चाकरमानी. आय-रॉक ऑगस्टच्या मध्याला, गणपती त्यानंतर काही दिवसांत किंवा महिन्याभरात. मुंबईत कॉलेजात शिकणारा चुलत-मावस भाऊ एस्टीच्या रातराणीने गावी येताना पिशवीत दोन-चार कॅसेटी घेऊन येई. काळ्या घोड्याच्या ऱ्हिदम हाऊसमधून घेतलेली एखादी अस्सल, बाकीच्या कोऱ्या टीडीकेवर कोणाकडून तरी उतरवून घेतलेल्या. दुसरी वाट आखातातून. रत्नागिरी, राजापूर, खेड, दापोली या भागातल्या कोकणी मुसलमान घरांतली माणसं कुवेत, बहारीन, दुबईला नोकरीला होती. सुट्टीवर येताना सोनं, अत्तर आणि टू-इन-वन येई. टू-इन-वनबरोबर कॅसेटी येत, आणि त्या काळी आखाती बाजारात पाश्चात्त्य गाण्यांच्या नकली कॅसेटी स्वस्तात मुबलक मिळत. एका बाजूला कव्वाल्या, दुसऱ्या बाजूला मायकेल जॅक्सन, असल्या जोड्या घराघरांत होत्या. लंडनला जे गाणं जानेवारीत वाजलं ते मुंबईच्या दुकानात दिवाळीला यायचं. दुबईमार्गे मात्र ते शिमग्यालाच कोकणात पोचू शके. मुंबईकराला अजून न मिळालेली कॅसेट रत्नागिरीच्या मिरकरवाड्यातल्या घरात वाजते आहे, हे अगदीच अशक्य नव्हतं.

कोकणातल्या दमट हवेत कॅसेट सांभाळणं हे एक कामच. पावसाळ्यात फितीवर पांढरी बुरशी धरे, मग आवाज आतल्या खोलीतून आल्यासारखा मंद होई. फीत अडकून बाहेर आली की पेन्सिल चाकात घालून हळूहळू गुंडाळायची; तुटलीच तर नेलपॉलिशने नाहीतर बारीक चिकटपट्टीने जोडायची, आणि जोडाशी गाणं क्षणभर गिळलं जाई ते कायमचं तसंच पाठ होई. वीज गेली की सेलवर चालवायचं. सेल उतरले की फीत संथ होई आणि आयर्न मेडनचा तो किंचाळणारा गायक एकादशीच्या भजनीबुवांसारखा रेंगाळू लागे.

शब्द? शब्द कोणाला कळत होते! मराठी शाळेत तेव्हा इंग्रजी पाचवीपासून असे. पहिलीपासून आलं ते 2000 साली. व्याकरणाच्या तासाला कर्तरी-कर्मणीत गटांगळ्या खाणारी पोरं कॅसेटवरचं अख्खं गाणं आवाजावरून, अर्थाच्या वाटेला न जाता म्हणत. कॅसेटच्या डबीत कधी घडी घातलेलं गीतपत्र निघालं तर त्याच्यावर उड्या पडत. मला ही अडाणीपणाची गोष्ट वाटत नाही. नाट्यपदांतल्या संस्कृतप्रचुर ओळीही रत्नागिरीत पिढ्यान्‌पिढ्या सूर आणि ताना यांच्यासाठीच ऐकल्या गेल्या आहेत.

क्वीनच्या कॅसेटी वाजवणाऱ्यांपैकी फारच थोड्यांना माहीत होतं की हा फ्रेडी मर्क्युरी म्हणजे फारुख बलसारा, आणि तो सह्याद्रीच्या पलीकडे पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत वाढला आहे. झांझिबारच्या पारशी घरातला मुलगा पन्नासच्या दशकात तिथे वसतिगृहात आला, पियानो शिकला, शाळेतल्या ‘द हेक्टिक्स’ या बॅण्डमध्ये वाजवू लागला. 13 जुलै 1985ला लाइव्ह एडच्या वेम्बलीतल्या कार्यक्रमात त्याने जी काही वीसेक मिनिटं गाजवली, त्यांचे गोडवे जग अजून गातं. तो हयात असताना सातारा जिल्ह्याने त्याच्यावर हक्क सांगितला नाही. 1991च्या नोव्हेंबरात तो गेला आणि मग हळूहळू पाचगणीत त्याची खोली शोधत लोक येऊ लागले.

1991 हेच वर्ष दुसऱ्या कारणानेही मोठं. स्टार टीव्हीबरोबर एमटीव्ही उपग्रहावरून उतरला आणि केबलवाल्यांनी गच्च्यांवर तबकड्या बसवल्या. निर्वाणा, गन्स अ‍ॅण्ड रोझेस, मेटॅलिका आता नुसते ऐकू येत नव्हते, दिसतही होते. तोवर पोस्टरवरून कल्पना करायची, आता केस, बूट, फाटक्या पॅण्टी सगळं थेट. 1993 साली अलाहाबादेहून अमित सैगल यांनी ‘रॉक स्ट्रीट जर्नल’ सुरू केलं. देशभरातल्या बॅण्डांना जोडणारं नियतकालिक मुंबई-दिल्लीतून न निघता अलाहाबादेतून निघालं, यावरून हे वेड किती खोल गावांपर्यंत गेलं होतं ते दिसतं. विशाल ददलानीचा ‘पेण्टाग्राम’ मुंबईत याच सुमारास उभा राहिला.

पण टीव्हीने जे दिलं ते टीव्हीनेच काढून घेतलं. इंग्रजी बॅण्डांना वाटलं, आता आपल्याला पडदा मिळाला. वाहिन्यांच्या लवकरच लक्षात आलं की जाहिरातदार हवे असतील तर हिंदी गायला हवं. बाबा सहगलच्या 1992च्या ‘ठण्डा ठण्डा पानी’ने रस्ता दाखवला. 1995 साली अलिशा चिनॉयचं ‘मेड इन इंडिया’ आणि दलेर मेहंदीचं ‘बोलो ता रा रा’ आलं, आणि कॅसेट कंपन्यांचा पैसा तिकडे वळला. ‘इंडस क्रीड’ने 1995मध्ये त्याच नावाची चांगली कॅसेट काढली आणि 1997 साली बॅण्ड मोडला. पुढच्या वर्षी, 26 जानेवारी 1998 रोजी, कोकण रेल्वेचा मार्ग सलग सुरू झाला. रत्नागिरीहून मुंबई सकाळी निघून दुपारी गाठता येऊ लागली. ज्या पोरांनी दहा वर्षं कॅसेटींवर रंगभवन कल्पून घेतलं होतं, त्यांना तिथे पोचणं सोपं झालं तेव्हा तिथली रयाच गेली होती.

रंगभवन बंद पडलं ते कायद्याने. 2000च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रुग्णालयं, शाळा-कॉलेजं आणि न्यायालयं यांच्याभोवतीचा शंभर मीटरचा परिसर शांतता क्षेत्र ठरवला. रंगभवनाच्या शेजारी कॉलेज, पलीकडे कामा आणि जी. टी. रुग्णालय. 2003च्या सुमारास नियमांची कडक अंमलबजावणी सुरू झाली आणि ध्वनिक्षेपक बंद झाले. आय-रॉक अंधेरीकडे सरकला. रुग्णांच्या झोपेपुढे गिटारीचं काय ऐकायचं, हा युक्तिवाद मला मान्य आहे. मात्र पर्यायी मंच शोधायची निकड सरकारला कधी वाटली नाही.

निकड वाटल्यावर सरकार काय करू शकतं याचा दाखला 1996चा आहे. 1 नोव्हेंबरला मायकेल जॅक्सन अंधेरीच्या क्रीडासंकुलात नाचला. आयोजनात राज ठाकरे यांची शिव उद्योग सेना, उद्देश मराठी तरुणांच्या रोजगारासाठी निधी. पाहुणा ‘मातोश्री’वर जाऊन बाळासाहेबांना भेटूनही आला. जॅक्सन रॉकवाला नव्हे, असं आय-रॉकच्या कट्टर भक्तांनी नाक मुरडून सांगितलं, पण मराठी राजकारणाने इंग्रजी गाण्यासाठी दार उघडलं ते याच प्रसंगी. युती सरकारने करमणूक कर माफ केला. मुंबई ग्राहक पंचायतीने त्याला उच्च न्यायालयात आव्हान दिलं आणि कराची रक्कम अडकून पडली. तीन कोटींहून अधिक रुपयांच्या त्या करमाफीवर राज्याच्या मंत्रिमंडळाने शेवटी जानेवारी 2021मध्ये शिक्कामोर्तब केलं.